काचघरातली हेस्टर पिम

हेस्टर पिम सिनेमात सदतीस वेळा मोलकरीण झाली, नऊ वेळा नर्स, एकदा नायकाची बहीण आणि एकदा प्रेत. प्रेताचं काम तिला सगळ्यात आवडलं, कारण त्यात ट्रे धरावा लागला नाही. तिच्या अंगावर कपडे चढवायला मीच असायचे, तेव्हा हे आकडे पक्के समजा. पडद्यावर तिचं नाव मात्र कधी आलं नाही.

आमचा स्टुडिओ थेम्सच्या काठी होता. भिंती काचेच्या, छप्पर काचेचं, टोमॅटो पिकवायला बांधतात तसं. ऊन पडलं तर काम, नाहीतर दिवसभर चहा. इंग्लंडात उन्हाच्या भरवशावर धंदा काढणाऱ्याच्या अकलेबद्दल मी बोलत नाही. लाल रंग फिल्मवर काळा उमटायचा, म्हणून सगळ्यांच्या तोंडाला पिवळा रंग फासायचा. आणि सिनेमा तेव्हा मुका, आवाज कुठे ऐकू जाणार, म्हणून नटमंडळींची उचलली जीभ लावली टाळ्याला. लोकांना दिसायचं की नायक गुडघे टेकून प्रेमाची भीक मागतोय. तो विचारत असायचा, "आज जेवायला पुन्हा मटणच का गं?"

हेस्टर मात्र ट्रे घेऊन आली की "साहेब घरी नाहीत" हे एकेक शब्द सुटा करून म्हणायची. आमचे दिग्दर्शक मिस्टर ग्रीव्ह तिला चिडवायचे, "हेस्टरबाई, कुणाला ऐकवताय एवढं?"

"बहिणीला," ती म्हणायची.

तिची धाकटी बहीण डोर्कस नवव्या वर्षी तापात ठार बहिरी झाली होती. बोलायची, आणि समोरच्याचे ओठ पाहून समजून घ्यायची. हेस्टर नाटकात पळाली, तेव्हा क्रॉयडनच्या घरात आजारी आईचं सगळं डोर्कसच्या गळ्यात पडलं. १९१० च्या जूनमध्ये आई गेली. दफन बुधवारी दोन वाजता होतं. आठवडाभर पावसानं काम ठप्प, आणि नेमकं बुधवारी लख्ख ऊन पडलं. त्या दिवशी हेस्टरला पहिल्यांदाच धड काम मिळालं होतं, नायकाच्या बहिणीचं. ग्रीव्ह म्हणाले, "जायचं तर जा, काम दुसरीला देतो." ती राहिली. तिला कुणी बांधून ठेवलं नव्हतं, हे मी तेव्हाही तिला सांगितलं. ते चित्र पुढे चारच दिवस चाललं. तेलही गेलं, तूपही गेलं.

तीन वर्षं डोर्कसनं तिची पत्रं न फोडता परत पाठवली. हेस्टर एकदा दारात जाऊन उभी राहिली, तर डोर्कसनं खिडकीतून तिला पाहिलं आणि पाठ फिरवली. बहिऱ्या माणसानं पाठ फिरवल्यावर त्याच्याशी बोलणार कसं? शेजारणीकडून एवढंच कळलं की डोर्कस दर शनिवारी सिनेमाला जाते.

मग एका चित्रात मरणाऱ्या नायिकेजवळ नर्स रडते असा प्रसंग आला. कॅमेरा अगदी जवळ, पडदाभर चेहरा. मी टॉवेल घेऊन बाजूलाच उभी होते. हेस्टर सावकाश म्हणाली, "डोर्कस, त्या दिवशी ऊन होतं म्हणून मी आले नाही. आईला तू एकटीनं पोचवलंस. माझं चुकलं. एकदा माझ्याकडे बघ."

"वा, रडणं अगदी खरं वाटतंय," ग्रीव्ह म्हणाले. चित्रात त्यानंतर अक्षरांची पाटी आली, 'देवा, हिला वाचव.'

चित्र क्रॉयडनला शनिवारी लागलं. मंगळवारी कार्ड आलं. ते तिनं मलाच वाचायला लावलं.

'पाहिलं. चर्चची आम्हां बहिऱ्यांची मंडळी शनिवारी मिळून जाते. चौतीस जण होतो. सगळ्यांनी तुझ्या ओठांवरचं सगळं वाचलं. घरचं असं चव्हाट्यावर मांडायला लाज नाही वाटली? मिसेस स्प्रॅट रडल्यासुद्धा, आणि त्यांचा आपला काडीचा संबंध नाही. बुधवारी दोन वाजता ये आणि काय ते तोंडावर बोल. नाही आलीस तर पुन्हा पत्र नको. डोर्कस.'

हेस्टर कपड्यांच्या पेटाऱ्यावर बसली. "चौतीस जण," ती म्हणाली. "पॉली, मला वाटायचं बहिरी म्हणजे एकटी आमची डोर्कस."

"आता भोगा आपल्या कर्माची फळं," मी म्हटलं. पण मला तिची दया आली होती.

नऊ दिवस पाऊस लागला होता. बुधवारीही थांबायचा नाही, काम होणार नाही आणि दुपारी बाराची गाडी धरता येईल, अशा हिशेबानं ती सकाळी कामावर आली आणि नेहमीसारखी रंग लावून बसली. अकराला ऊन पडलं. ग्रीव्ह धावतच आले. "सगळे जागेवर चला. हेस्टर, तू कुठे निघालीस?"

"क्रॉयडनला."

"दोन तास थांब. ऊन काय तुझ्या बापाचं आहे?"

"नाही साहेब. मागच्या वेळी मला वाटलं होतं, ते माझ्यासाठीच पडलंय."

"गेलीस तर पुन्हा इथे पाऊल टाकायचं नाही."

ती गेली. ग्रीव्ह शब्दाचे पक्के निघाले, त्यानंतर तिला कुणी बोलावलं नाही. तिच्या अंगावर नर्सचा पांढरा एप्रन तसाच होता, आणि तो माझ्या जबाबदारीचा, म्हणून मीही मागोमाग निघाले. निदान मी कारण तेच सांगितलं. गाडीत एक बाई तिचा पिवळा चेहरा पाहून काविळीच्या भीतीनं दुसऱ्या डब्यात जाऊन बसली.

दोनला पाच कमी असताना आम्ही दारात पोचलो. डोर्कस खिडकीतच होती. तिनं दार उघडलं, आणि तीन वर्षं जे घोकलं होतं ते विसरून हेस्टरनं दोन्ही हातांनी तोंड झाकलं. बोटांमधून पिवळे ओघळ यायला लागले. आतल्या आत ती काहीतरी बोलत होती, ते मलाही कळेना.

डोर्कसचा आवाज सपाट आणि मोठा होता, गल्लीभर ऐकू गेला. "हात काढ. मला काही दिसत नाही."

हेस्टरनं हात खाली घेतले आणि पहिल्यापासून सगळं सांगितलं. डोर्कस शेवटपर्यंत तिच्या ओठांकडे बघत उभी होती.