न जळणारी गोधडी

जर्मनची पहिली लढाई संपून पाच-सात वर्षं झाली होती, तेव्हा मी मुंबईला गोदीत लागलो. आगबोटीच्या बॉयलरला पांढरा लगदा थापायचा, वरून जाड पांढरं कापड गुंडाळायचं, हे माझं काम. ते कापड जळत नसे. आम्ही त्याला दगडाचा कापूस म्हणायचो. ॲस्बेस्टॉस हे नाव, आणि त्याची धूळ छातीत बसते हे, मला म्हातारपणी कळलं.

शिमग्याला रत्नागिरीला यायचो तेव्हा कामाचे कपडे धुवायला घरी आणायचो. बायको ते घरापुढच्या खळ्यात झटकायची. तिचे केस पांढरे व्हायचे.

"अवो, गोदीत हाव की गिरणीत?"

"गिरणीत असतो तर पीठ तरी आणलं असतं गो."

एका वर्षी त्या कापडाचे उरलेले तुकडे आणले. तिने त्यावर निखारा ठेवून शेजारणींना दाखवला. मग जुन्या लुगड्यांच्या आत तेच घालून गोधडी शिवली. दहा-बारा वर्षं ती अंगावर घेतली, रोज सकाळी झटकून घडी घातली.

मग खोकला लागला. डॉक्टर म्हणाला, क्षय. माझ्या आईने तिचं ताट वेगळं केलं, खाट पडवीत टाकली. आमची मुलगी आठ वर्षांची. बायकोचं एकच मागणं, "पोरीला माझ्याजवळ येव देव नका. तिला ह्या लागता नये." गोदीतले माझे दोन सोबती असेच खोकत होते. मी बघत होतो, पण डोक्यात काही शिरलं नाही.

ती गेली. तिचं अंथरूण गोधडीसकट गावाबाहेरच्या सड्यावर नेऊन जाळलं. लुगडी जळली, आतलं कापड तसंच राहिलं. राख झटकली तर आधीपेक्षा पांढरं.

आई म्हणाली, "आगीतना निघाला. आता त्यात रोग कसला ऱ्हायलाय? पोरीला थंडी वाजते."

मलाही ते पटलं. आईने तेच कापड घालून नवी गोधडी शिवली आणि मीच ती पोरीच्या अंगावर घातली. आपल्या आईची म्हणून पोरीला ती सोडवेना. सासरीही घेऊन गेली.

परवा ती आली होती. आमची घाटी चढताना दोनदा बसली. ओटीवर दम खात म्हणाली, "बाबा, आयेला असाच व्हायचा काय?"

मी पाणी आणायला आत गेलो.