बंद दारामागची बाई

विक्रोळीच्या आमच्या चाळीत दिवसाढवळ्या दार लावलं की लोकांना संशय यायचाच. शेजारचे काका कारखान्यात कामाला, बायको गावाला, इथे एकटेच. तरी रविवारी त्यांच्या बंद दारामागून बाईचं रडणं ऐकू यायचं.

शेवटी आईने पदर खोचून दार ठोठावलं. मी मागेच होते.

दारात नऊवारी नेसलेले काका! गावच्या जत्रेत दशावतारात ते राणी व्हायचे, त्याचीच तालीम चालली होती.

"वैनी, कोणाक सांगू नकात. कारखान्यात माका जगूक देवचे नाय."

"नाही सांगत. पण राणी असल्या निऱ्या काढते होय? मी शिकवते."

पुढच्या रविवारी दार पुन्हा बंद. आत आई, आणि बाहेर चाळ तिच्याबद्दल कुजबुजत होती.