तीन वाजताची हजेरी

मिस्त्रींचं आयुष्य बिडाचं ओतकाम करण्यात गेलं. पत्र्याची शेड, मधोमध भट्टी, भिंतीकडेला वाळूचे साचे आणि हाताखाली दोन जुने कामगार, एवढाच पसारा. एकदा भट्टी पेटवली की कोणाच्या बापाचीही त्यांना फिकीर नसे. वितळलेलं बीड थांबत नाही, थांबलं तर भट्टीतच गोठून बसतं आणि मग फोडून काढावं लागतं.

एका पंपवाल्याने त्यांच्याकडून पंपाची चाकं ओतून नेली आणि चेक दिला. चेक वटला नाही. रक्कम होती भट्टीच्या वर्षभराच्या कोळशाइतकी. कोळसेवाल्याला मिस्त्रींनी शब्द दिला होता, "केस जिंकली की पहिलं तुमचं." त्या शब्दावर तो उधारी देत राहिला.

नोटीस, तक्रार सगळं वकीलबाईंनी मुदतीत केलं. घोळ झाला तो तारखांना. पहिली तारीख नेमकी ओतकामाच्या दिवशी आली. मिस्त्री सकाळी बीड ओतून, हातपाय धुऊन तीन वाजता कोर्टात पोचले. पुकारा अकरालाच होऊन गेला होता. टेबलामागचा कारकून भला माणूस. म्हणाला, "काका, पुढची तारीख लिहून घ्या."

मिस्त्रींनी लिहून घेतली आणि चुकीचा धडाही घेतला. तीनला गेलं तरी काही बिघडत नाही, तारीख मिळते! दुसऱ्या वेळी तेच, तिसऱ्या वेळी तेच. वकीलबाईंना तर त्यांनी फोन करून सांगितलं होतं, "मी जातोच आहे, तुमचा हेलपाटा कशाला?" बाईंना वाटलं, हे अकराला जातात.

चौथ्या वेळी कारकून खाली बघत म्हणाला, "काका, केस संपली. तक्रारदार सतत गैरहजर, म्हणून आरोपी सुटला."

"गैरहजर? अहो, दर वेळी तुम्हीच तर भेटलात मला!"

"भेटलो. पण पुकाऱ्यानंतर आलेल्याची नोंद होत नाही."

वकीलबाईंनी कपाळावर हात मारला. "मिस्त्री, मला एकदा तरी विचारायचं! आता ते कोर्ट स्वतःचा आदेश फिरवू शकत नाही. वरच्या कोर्टात अपील, तेही आधी परवानगी मागून. गैरहजेरीचं कारण द्यावं लागेल."

"डॉक्टरचा कागद आणा की," मिस्त्रींची बायको म्हणाली. "चार वेळा पोट दुखलं म्हणा. जन्मात एकदा तरी आजारी पडा!"

"आणि त्याच तारखांच्या माल पोचवल्याच्या पावत्यांवर यांच्या सह्या आहेत, त्यांचं काय?" वकीलबाई म्हणाल्या. "पावत्या समोरच्याच्या हाती लागल्या तर खोटं उघडं पडेल. आणि खरं सांगितलं, तर ते पुरेल असं मला वाटत नाही."

"मग खरंच सांगू," मिस्त्री म्हणाले. "पाठ तरी करावं लागणार नाही."

वरच्या कोर्टाच्या दिवशी ते साडेदहालाच बाकावर बसले. इस्त्रीचा सदरा, खिशात चारही तारखांची चिठ्ठी. अकराला पुकारा झाला. पंपवाला आलाच नाही, त्याचा वकील तेवढा आला. न्यायाधीशांनी कागद वाचले.

"भट्टी विझवता येत नव्हती हे समजलं. पण दुसऱ्या दिवशी पेटवता येत नव्हती का?"

मिस्त्रींचा हात खिशातल्या चिठ्ठीवर गेला. येत होती. साचे एक दिवस तसेच राहिले असते. चाळीस वर्षांत हा प्रश्न त्यांना कोणी विचारला नव्हता, त्यांनी स्वतःलाही नाही.

"साहेब, मी दर वेळी आलो होतो. तीन वाजता."

"नोंद आहे?"

"कारकुनाला विचारा, साहेब."

वकीलबाईंनी हलकेच त्यांची बाही ओढली. कारकुनाची आता बदली झाली होती आणि बोलावला असता तरी आपणच पुकाऱ्यानंतर तारखा दिल्या हे तो कशाला कबूल करणार? परवानगी नाकारल्याचा आदेश पाच मिनिटांत सांगून झाला.

बाहेर जिन्यात वकीलबाई म्हणाल्या, "याच्यावर अजून एक कोर्ट आहे."

"खर्च?"

त्यांनी आकडा सांगितला. मिस्त्रींनी नकारार्थी मान हलवली आणि ते पायऱ्या उतरू लागले.

शेडच्या दारात कोळसेवाला स्टुलावर बसला होता. तोंड बघूनच समजला. "मिस्त्री, तुमच्यावर राग नाही. पण आता माल रोखीनेच."

"बरोबर आहे तुमचं."

आत बारा साचे वाळून तयार होते, ओतायला कोळसा नव्हता. कामगारांना घरी पाठवून मिस्त्रींनी सदरा खुंटीला लावला आणि पहिला साचा फोडला. मग दुसरा. बायको डबा घेऊन आली तेव्हा ते वाळू चाळत होते.

"अहो, हे काय करताय?"

"चाळलेली वाळू विकली जाते," ते म्हणाले. "चाळणीची ती बाजू धर जरा."