मिटलेल्या ओठांचा हिशेब

कल्पना करा, तुम्हाला एका अंधाऱ्या, कोंदट खोलीत माइकसमोर उभं केलंय. पडद्यावर एक नटी तोंड हलवतेय आणि तिच्या तोंडात तुमचा आवाज घालायचाय. वाक्य लांबलं तर तिचं तोंड मिटेल आणि आवाज मागे उरेल. आखडलं तर ती नुसतेच ओठ हलवत राहील. ‘म’, ‘प’, ‘ब’ आले की ओठ मिटलेच पाहिजेत. तेवढं साधलं की मधे काहीही खपतं.

वहिनीचा यात हात धरणारं कुणी नव्हतं. सगळी नाटक कंपनी तिला वहिनीच म्हणायची, कारण कंपनी तिच्या धाकट्या दिराची होती. दिवसा ती डबिंग करायची, संध्याकाळी रंगमंचावर मोलकरीण नाहीतर शेजारीण व्हायची आणि मधल्या वेळात नाटक लिहायची. लिहायची म्हणजे बोलायची. तालमीत सगळ्यांचे संवाद स्वतः करून दाखवायची, नट ते ऐकून पाठ करायचे. कागदाला कुणी हात लावायचं नाही. तिथेच तिचा घात झाला.

आईला घराबाहेर काढणाऱ्या मुलाचं तिचं नाटक तुफान चाललं. पोस्टरवर मात्र लेखक, दिग्दर्शक, नायक, सगळं दीरच.

“भाऊजी, माझं नाव?”

“अहो वहिनी, घरातलंच आहे ना सगळं! तुमचं काय न् माझं काय?”

“मग माझंच घाला की.”

नट हसले. दीर त्यांच्याहून मोठ्यांदा हसला. कंपनीचे दिवे सांभाळणारा नवरा घरी म्हणाला, “जाऊ दे गं. नावानं काय पोट भरतं?”

“तुमच्या भावाचं तर चांगलं भरतंय.”

पुढे दिराने त्याच नाटकाचा सिनेमा काढला. नाव पुन्हा त्याचंच. वर वहिनीला आईचं काम देऊ केलं. “पांढरा विग तुम्हाला शोभेल हो,” म्हणाला. वहिनी त्याच्याहून दोन-तीन वर्षांनीच मोठी. ती लगेच हो म्हणाली, तेव्हा सगळ्यांना वाटलं, वहिनी निवळली. निवळते कसली! घरी आरशासमोर उभी राहून ती एकच वाक्य घोटत होती.

प्रसंग वादळाचा होता. दाराएवढे दोन पंखे असे घोंघावत होते की स्वतःचा आवाज स्वतःला ऐकू येईना. आवाज नंतर भरायचा होता. कॅमेरा दिराच्या खांद्यामागून थेट वहिनीच्या तोंडावर. दोन टेकमध्ये ती ठरलेलं वाक्य बोलली: “माझं काळीज तू पोखरलंस.” तिसऱ्यात त्याच्या डोळ्यांत डोळे घालून म्हणाली, “माझं नाटक तू पळवलंस.”

तेवढीच लांबी. ओठ मिटले तेही त्याच जागी.

“कट! वा वहिनी, डोळ्यांत काय आग होती!”

डबिंगला तिने मुकाट ‘काळीज’ भरलं. ध्वनिमुद्रक मात्र थबकला. “वहिनी, ओठ जरा वेगळे वाटतायत.”

“पंख्याचा वारा होता हो.”

थिएटरात त्या वाक्याला लोक हमसून रडले. वहिनी तोंडावर रुमाल धरून हसत होती. प्रत्येक खेळाला, प्रत्येक गावात दीर पडदाभर आपली चोरी दाखवणार होता, तीही स्वतःच्या खर्चाने!

पण हे सुख फार टिकलं नाही. ज्याला चपराक मारली त्याला ती लागलीच नसेल तर? आणि लागली असेल तर त्याने तिसराच टेक का ठेवला? संकलनाला तो स्वतः बसला होता. एकेक टेक पुढे-मागे करून पाहिला होता.

आता दोघांचेही केस विगाशिवाय पांढरे आहेत. परवा ती त्याच्या घरी गेली तेव्हा टीव्हीवर नेमका तोच सिनेमा लागला होता. नातसून म्हणाली, “आजोबा, तुमचा सिनेमा!” दीर छाती फुगवून बसला. वादळ सुरू झालं, पंखे घोंघावले, आई मुलाकडे वळली, आणि दीर खुर्चीतून उठला.

“कुठे निघालात भाऊजी?”

“पाणी पितो जरा.”

वाक्य संपल्यावरच तो परत आला. वहिनीने त्याच्या ओठांकडे निरखून पाहिलं. ते कोरडेच होते.

घरी आल्यापासून तिच्या घशाशी एकच प्रश्न अडकलाय. तो त्याला तोंडावर विचारायचाय, आणि उत्तर ऐकल्याशिवाय मरायचं नाहीये.

भाऊजी, तुम्हाला खरंच तहान लागली होती?