नव्या पाटीचं बिल

वकिलांचं पत्र मी चुकीचं वाचलं. एवढं एक वाक्य बाबांना सांगायला मला तीन आठवडे लागले.

बाबांचं गोंदियाजवळच्या गोरेगावला वेल्डिंगचं दुकान होतं. गोंदिया रस्त्यावरच्या एका राईस मिल कंपनीला त्यांनी धान उकडायच्या तीन टाक्या करून दिल्या होत्या. पत्रा, रॉड, कारागिरांची मजुरी, सगळं आमच्या घरातून गेलं, आईच्या पाटल्याही. कंपनी दीड वर्ष ‘अगले हफ्ते’ म्हणत राहिली. शेवटी नागपूरच्या वकिलांनी हायकोर्टात अर्ज टाकला, की ही कंपनी देणं फेडू शकत नाही, ती गुंडाळा आणि मालमत्ता विकून ज्यांचं घेणं आहे त्यांना द्या.

“गुंडाळतो म्हटलं का मालक वळते,” बाबा म्हणायचे. त्या धाकावरच आमची आशा होती.

मग वकिलांचं ते पत्र आलं, इंग्रजीत. मी तेव्हा गोंदियाला एलएलबीच्या दुसऱ्या वर्षाला होते. घरात दहावीच्या पुढे गेलेली मीच पहिली. बाबांनी हात पुसून पत्र माझ्याकडे दिलं. ही कंपनी दुसऱ्या एका मोठ्या कंपनीत विलीन होणार, ‘न गुंडाळता विसर्जित’ होणार, हरकत घ्यायची तर सुनावणीआधी कळवा, असं त्यात होतं. मला ‘विसर्जित’ तेवढं दिसलं. बाकीचं नीट कळलं नव्हतं. पण बाबा बघत होते, दोन्ही कारागीर काम थांबवून बघत होते.

“संपली कंपनी, बाबा. आता केस कोनावर चालनार?”

“मंग नागपूरले जाऊन भाडं कायले घालवाचं?” बाबांनी पत्र रॉडच्या खोक्याखाली सारलं. सुनावणीची तारीख गेली.

काही महिन्यांनी मिलचे मुनीम मोटारसायकलवर आले. गेटवर नव्या कंपनीचं नाव लावायचं होतं. “मिस्त्री, बोर्ड बनाना है. इस बार नगद.”

आई चिडली. “ज्याईनं बुडवलं त्याईचीच पाटी करता? लाज नाई वाटत?”

“पाटी नव्याची होय. जुनी मेली, तुया पोरीनंच सांगतलं.”

पाटी गेटवर चढली त्याच आठवड्यात वर्गात सरांनी विलीनीकरण शिकवलं. जुनी कंपनी जाते, तिचं देणं जात नाही. ते नव्या कंपनीच्या अंगावर येतं. आणि सुनावणीत हरकत घेतली, तर मंजुरीआधी कोर्ट त्या माणसाचं म्हणणं ऐकतं. मी लिहायचं थांबले.

कॉलेजची एसटी त्या गेटवरूनच जायची. सकाळी पाटी, संध्याकाळी पाटी. घरी रोज ठरवायची, आज सांगू. मग बाबा दमलेले दिसायचे, किंवा खुशीत दिसायचे, आणि दोन्ही वेळा राहून जायचं.

एका रविवारी दुकानात जाऊन एका दमात सांगितलं. बाबा वेल्डिंगच्या जोडावरची जळकी कीट हातोडीनं झाडत राहिले.

“तवाच काऊन नाई बोलली वो, का समजलं नाई म्हनून?”

“तुमी सारे पाहून राहिले होते.”

“आमची वकीलीनबाई!” एक कारागीर हसला. बाबा हसले नाहीत.

दुसऱ्या दिवशी आम्ही नागपूरला गेलो. वकील वैतागले. “जी कंपनी उरलीच नाही ती गुंडाळणार कशी? अर्ज निकाली निघाला. आता मागायचं नव्या कंपनीकडे. ती पैसेवाली, तिला हा धाक लागू पडायचा नाही. ती सरळ म्हणेल, हे देणं आम्हाला मान्य नाही. तिच्याकडून काही लेखी आहे?”

बाबांनी पिशवीतून बिलबुक काढलं. पाटीचं बिल. तळाला त्यांच्या वेड्यावाकड्या अक्षरात ‘मागील बाकी, तीन टाक्या’, पुढे रक्कम. खाली मुनिमांची सही आणि नव्या कंपनीचा शिक्का.

“मेलेल्या कंपनीची बाकी यात कायले लिहिली, बाबा?” मी विचारलं.

“बाकी तं बाकी होय. नवं बिल केलं का खाली जुनी बाकी लिहाची, सही घ्याची. माया उस्तादाची शिकवन. मुनिमानं वाचलं बी नसंन.”

वकिलांनी बिल उजेडात धरलं आणि पहिल्यांदा आम्हाला बसा म्हटलं.

नव्या कंपनीला नोटीस गेली, एकवीस दिवसांची. मी दिवस मोजत होते. एसटीत आता दुसऱ्या बाजूच्या खिडकीपाशी बसायची, तरी गेट आलं की मान वळायचीच.

उत्तराचा लिफाफा आला तेव्हाही कारागीर काम थांबवून उभे राहिले. मी दोनदा वाचलं.

“मुद्दल देतो म्हनते, व्याज नाई. पन खाली एक अट हाय, ते मले कळून नाई राहिली.”

“कळून नाई राहिली?”

“नाई. वकिलाले विचारा लागन.”

बाबांनी खिशातून मोबाईल काढून माझ्या हातात दिला. “लाव मंग.”