राग काढायच्या खोलीतले पंच

कुंडीपाड्याच्या शाळेत मी अकरा वर्षं होतो. अक्कलकुव्याहून जीपने जायचं आणि शेवटचा चढ पायी चढायचा. तिथे वीरसिंग वसावे यांची ओळख झाली. ते पाड्याचे पंच. कुणाचं कुणाशी बिनसलं की माणसं त्यांच्या अंगणात येऊन बसत.

त्यांची ऐकण्याची एक रीत होती. मांडी घालून, समोरच्या जमिनीकडे बघत ऐकायचे. बोलणाऱ्याच्या तोंडाकडे बघायचे नाहीत. बघितलं की माणूस बिचकतो आणि निम्मं पोटात ठेवतो, असं ते म्हणत. बोलणं थांबलं की हळूच विचारायचे, "अजून काही राहिलं?" समोरचा "नाही" म्हणेपर्यंत हा प्रश्न संपत नसे. एकदा तापीबाई भोपळ्याच्या वेलावरून जावेची तक्रार घेऊन आली. सकाळी सुरू झाली ती ऊन डोक्यावर येईपर्यंत बोलत होती. शेवटी "आता काही राहिलं नाही" म्हणाली, पदर झटकला आणि निकाल न घेताच घरी गेली. वेल अजून तिथेच आहे.

"तुम्हाला कधी राग येत नाही का, वीरसिंगभाऊ?" मी एकदा विचारलं होतं.

"येतो की, गुरजी. पण सगळ्यांचा ऐकता ऐकता माझा मागे पडतो."

असा हा माणूस एकदाच चुकला, आणि तेही पोटच्या पोराच्या बाबतीत.

आमच्या डोंगरात मोहाची झाडं घराघराला वाटून दिलेली असतात. फुलं गळायला लागण्याआधी झाडाखालचा पालापाचोळा पेटवून जागा मोकळी करतात, म्हणजे पहाटे पडलेली फुलं वेचता येतात. तीन वर्षांपूर्वी वीरसिंगभाऊंचा मुलगा दिनेश असाच पाला पेटवत होता. वारा फिरला. शेजारच्या करणसिंगची शेतातली झोपडी आणि तिच्यावर रचलेला चारा जळून गेला. माणसाला, जनावराला काही झालं नाही.

दुसऱ्या दिवशी पंचायत बसली. दिनेश बोलायला उभा राहिला. वीरसिंगभाऊंनी हात वर केला. "बस खाली. आग तू लावलीस ना? झालं मग."

निकाल असा लागला की दिनेशने झोपडी बांधून द्यावी, घरचा चारा द्यावा आणि तो हंगाम आणि पुढचे तीन हंगाम घरच्या मोहाची फुलं वेचू नयेत. लोक म्हणाले, बघा, स्वतःच्या पोरालाही सोडलं नाही. दिनेशने नऊ दिवसांत झोपडी उभी केली. कुडाला माती स्वतः लिंपली. दहाव्या दिवशी तो सुरतला निघून गेला.

मी तेव्हा निवृत्त होऊन नंदुरबारला राहायला आलो होतो. हे सगळं मला त्याच्या आईने, रूपलीबाईने, अक्कलकुव्याच्या बाजारात सांगितलं. तो तिच्याशी फोनवर बोलत असे. बापाचा आवाज आला की फोन बंद. एक होळी गेली, दुसरी गेली. होळीला न येणं म्हणजे आमच्या डोंगरात काय असतं, ते बाहेरच्याला सांगून कळणार नाही.

या जानेवारीत वीरसिंगभाऊ माझ्या दारात उभे राहिले. पांढरा सदरा, खांद्यावर टॉवेल, हातात नागलीच्या भाकरीचं फडकं.

"गुरजी, सुरतला चला माझ्यासोबत. माझा आवाज आला की तो फोन ठेवून देतो. समोर उभा राहिलो तर मला कुठे ठेवणार?"

दिनेश कुठे काम करतो ते माझ्या जुन्या विद्यार्थिनीने, रविनाने, शोधून काढलं होतं. ती सुरतेत एका दवाखान्यात नर्स आहे. तिने फोनवर त्या जागेचं वर्णन केलं तेव्हा मला आधी ती थट्टा करतेय असंच वाटलं. तिथे लोक पैसे भरून जातात, वस्तू फोडतात आणि मन हलकं करून परत येतात. त्याला रेज रूम म्हणतात. दिनेश तिथे लोकांना हेल्मेट घालून देतो आणि नंतर काचा झाडतो.

आमच्या घरात हे ऐकल्यावर सौभाग्यवतींनी अहिराणीत विचारलं, "आते म्हतारपनमा भांडा फोडाले चालनात का तुम्ही?" आणि वाटेसाठी शेव बांधून दिली.

सकाळची गाडी होती. नवापूरच्या पुढे कोंबड्यांच्या लांबलचक शेड मागे पडल्या आणि वीरसिंगभाऊंनी विचारायला सुरुवात केली.

"वस्तू कुणाच्या असतात?"

"भंगारातल्या. जुन्या बाटल्या, बशा, संगणक."

"त्या वस्तूंनी काय केलेलं असतं?"

"काही नाही."

"मग त्यांना मारून राग कसा जातो?"

समोरच्या बाकावर कापडाचा धंदा करणारे एक शेठ होते. ते म्हणाले, "काका, मी जाऊन आलोय. दोन दिवस बरं वाटतं."

"आणि तिसऱ्या दिवशी?"

"तिसऱ्या दिवशी भागीदार पुन्हा दुकानात येतो ना."

डबा हसला. वीरसिंगभाऊ हसले नाहीत. ते बाहेर बघत, स्वतःशीच बोलल्यासारखं म्हणाले, "भागीदारालाच बोलवायला हवं होतं."

सुरतेत ती जागा एका व्यापारी इमारतीच्या तिसऱ्या मजल्यावर होती. काउंटरवर एक चुणचुणीत मुलगी बसली होती. तिच्या मागच्या दारातून दिनेश केराची बादली घेऊन बाहेर आला. आम्हाला बघून थबकला. मला वाकून नमस्कार केला. बापाकडे बघून बादली या हातातून त्या हातात घेतली.

"आठ वाजेपर्यंत माझी ड्यूटी आहे, गुरुजी. बाहेर येता येणार नाही."

आमची परतीची गाडी पाचची होती. मुलगी म्हणाली, आत फक्त ग्राहकांनाच सोडतात. मग मी दोघांची नावं लिहिली. दहा मिनिटांची पाळी मिळाली. वीरसिंगभाऊंचं वय विचारून ती जरा घाबरली. "दिनेश, काका लोग को अकेला मत छोडना. अंदर ही रुकना," असं तिने बजावलं.

मला हवं होतं ते तिनेच केलं.

आम्हाला नारिंगी रंगाचे अंगभर कपडे चढवण्यात आले. माझ्या पोटावर चेन बसेना. वीरसिंगभाऊंचे हातमोजे दिनेशने घालून दिले, एकेक बोट ओढून नीट. नजर हातमोज्यावरच होती. पोरगा बापाचे हात इतक्या जवळून तीन वर्षांनी बघत होता.

आत चार भिंतींना रबराच्या चटया लावलेल्या होत्या. टेबलावर बाटल्या, बशा आणि एक जुना प्रिंटर. दिनेशने भिंतीकडे बघत, रोजच्या गिऱ्हाइकांना सांगतो तसं हिंदीत सांगून टाकलं, "चष्मा उतारना नहीं. बोतल हाथ में पकडके तोडना नहीं." आणि एक लहान घण बापाच्या पुढे धरला.

वीरसिंगभाऊंनी घण हातात घेऊन त्याचं वजन बघितलं. मग ते भिलीत बोलले. इथून पुढचं बोलणं भिलीतच झालं, मी ते माझ्या मराठीत सांगतो.

"हे फोडल्यावर उचलतं कोण?"

"मी."

"मग कशाला फोडू?"

त्यांनी घण टेबलाखाली ठेवला आणि एक प्लास्टिकचा क्रेट पालथा घालून त्यावर बसले. "तू फोड. माझं नाव घेऊन फोड."

"कामावरच्यांना फोडायची परवानगी नाही, बा."

"बा" हा शब्द त्याच्या तोंडून निघून गेला. त्यालाही ते कळलं. शेजारच्या खोलीत कुणीतरी काहीतरी मोठं आपटलं, भिंत हादरली, पाठोपाठ मुलींचं हसणं ऐकू आलं.

"मग बोल," वीरसिंगभाऊ म्हणाले आणि समोरच्या जमिनीकडे बघू लागले.

दिनेशने भिंतीला पाठ टेकली.

"झोपडी मी बांधून दिली त्याचं मला काही नाही. आग माझ्याच हातची होती. पण त्या दिवशी मी आपल्या झाडाखालचं पेटवून घरी निघालो होतो. करणसिंगकाकाने हाक मारली. म्हणाला, पेटवतोच आहेस तर माझ्याही झाडाखालचं पेटवून जा, माझी कंबर दुखते. मी म्हटलं, वारा आहे, उद्या करू. तो म्हणाला, वाऱ्याला घाबरतोस का, वीरसिंगचा पोरगा ना तू. मग मी पेटवलं."

वीरसिंगभाऊंचं तोंड उघडलं. मी बघत होतो. ते पुन्हा मिटलं.

"हे मला सांगायचं होतं. तापीबाईला भोपळ्यासाठी अर्धा दिवस दिलास. मला एक वाक्य दिलं नाहीस."

"अजून काही राहिलं?"

"राहिलंय. झोपडी बांधत होतो तेव्हा तू रोज त्या वाटेने जायचास. एकदाही थांबला नाहीस."

आता दिनेशचा आवाज चढला होता. पुढे तो बरंच बोलला. नऊ दिवसांचं बोलला, सुरतेतल्या पहिल्या पावसाळ्याचं बोलला, आईच्या आजारपणात फोनवर खोटं सांगितलं गेलं त्याचंही बोलला. शेजारी काचा फुटत होत्या आणि इथे पोराच्या पायाशी नजर लावून बाप बसला होता. घंटा वाजली.

मुलीने दार उघडलं. टेबलावरच्या बाटल्या जागच्या जागी बघून ती गोंधळली. "कुछ भी नहीं तोडा?"

"काकांना विचार पडलाय," मी हिंदीत म्हटलं.

तिने तिघांकडे बघितलं. काय समजली कोण जाणे. "सफाई का टाइम बच गया. पाच मिनट और ले लो," म्हणाली आणि दार ओढून घेतलं.

वीरसिंगभाऊंनी हेल्मेट काढलं. आत ते काढायचं नसतं, पण दिनेशने अडवलं नाही.

"तू माझा पोरगा, म्हणून मी तुला बोलू दिलं नाही. मला वाटलं, बोलू दिलं तर लोक म्हणतील, घरच्याचं ऐकतो. लोकांना मी भ्यालो. तुझं काही चुकलं असेल, त्याच्याआधी माझं चुकलं. पंचायत पुन्हा बसेल. मी पंच म्हणून बसणार नाही. तू ये आणि हेच सगळं तिथे बोल."

"तुला पुन्हा पंच करणार नाहीत मग."

"ते लोक ठरवतील. तू येशील का, तेवढं सांग."

"सुट्टी मिळाली तर बघतो."

आम्हाला जिन्यापर्यंत पोचवायला मात्र तो आला. परतताना नवापूरला चहा घेतला तेव्हा वीरसिंगभाऊ म्हणाले, "पोरगा बारीक झालाय."

पंचायत फेब्रुवारीत, फुलं गळायच्या आधी बसली. मलाही बोलावणं होतं. पंचांच्या जागेवर म्हातारे बाज्या बसले. वीरसिंगभाऊ खाली, तक्रारीची माणसं बसतात त्या बाजूला एकटेच. पहिली जीप आली, तिच्यात दिनेश नव्हता. रूपलीबाई उठून वाटेकडे जाऊन आली. दुसऱ्या जीपमधून तो उतरला, सुरतेचा चौकडीचा शर्ट घालून, आणि बापाशेजारी जाऊन बसला.

तो बोलला. कुणी मध्ये बोललं नाही. मग बाज्यांनी करणसिंगला विचारलं.

"हो, मी सांगितलं होतं पेटवायला," करणसिंग मान खाली घालून म्हणाला. "तेव्हा मला कुणी विचारलंच नाही."

"तुला तोंड नव्हतं का रे?" रूपलीबाई बायकांमधून म्हणाली. "वारा आहे म्हटल्यावर टोमणा मारायला बरं होतं ते."

लोक हसले. करणसिंगही ओशाळून हसला. झाडाचा राहिलेला हंगाम दिनेशच्या घराला मोकळा झाला, आणि या वर्षी त्या झाडाखालची जागा करणसिंगने झाडूने साफ करायची असं ठरलं, न पेटवता. वीरसिंगभाऊंनी एक वर्ष पंच म्हणून बसू नये, हे त्यांनी स्वतःच मागितलं. बाज्यांनी ते मान्य केलं. जड मनाने.

दिनेश होळी करून सुरतला परत गेला. काम चांगलं आहे म्हणतो, मालकीण माणुसकीची आहे. परवा रूपलीबाई अक्कलकुव्याच्या बाजारात भेटली. मी विचारलं, "दिनेशचा फोन येतो का?"

"येतो ना, दर रविवारी," ती कुरकुरली. "पण फोन त्याचा बापच घेऊन बसतो. तासभर नुसता हं हं करतो. माझी पाळी येईपर्यंत बॅटरी संपते, गुरजी. तुम्ही जरा सांगा की त्याला."