जित्या बापाच्या फोटोला हार

चूक काकाची होती, हे आधीच सांगून टाकतो. माझं नंतर बघू.

गणपतकाका म्हणजे बाबांचा धाकटा भाऊ, राहतो साकोलीला. करडी गावातल्या आमच्या शेताचा धुरा, म्हणजे बांध, त्यानेच हातभर सरकवला आणि वरून अबोलाही त्यानेच धरला. बाबा मात्र दर सणाला म्हणायचे, "येईल तो. भाऊ आहे माहा." वयानं माणसं शहाणी होतात असं कोण म्हणतं, त्याचा मला पत्ता द्या.

तर पुण्याहून एक दिग्दर्शक आला. स्वतःच्या खिशातून सिनेमा काढणारा. त्याला नट नको होते. म्हणाला, "तू तूच राहायचं. नाव तुझं, घर तुझं, बाप तुझा." कॉलेज सोडून घरी बसलेला पोरगा, एवढीच भूमिका. तिची तालीम तर माझी कधीचीच चालू होती.

सिनेमात मध्येच बाप मरतो, म्हणून मला टक्कल करायचं होतं. बाबांना विचारलं, तर हसले. "कर ना बे. केसंच तं आहेत. मी थोडीच मरून राहिलो?"

केलं. मग शूटिंगचं सामान आणायला साकोलीला गेलो. स्टँडवर काकाचा शेजारी भेटला. आता आमच्याकडे टक्कल केलेल्या पोराला कोणी काही विचारत नाही. बाप गेला, हे डोकंच सांगतं. त्याने खांद्यावर हात ठेवला, चहा पाजला, जाताना डोळे पुसले. मी काय समजावं? मला वाटलं, मी हिरो झालो.

दुसऱ्या दिवशी ओसरीत बाबांचा फोटो, हार, उदबत्ती. मी समोर बसलेलो, कॅमेरा चालू. बाबांचं काम नव्हतं, ते मागे म्हशीला पाणी पाजत होते. तेवढ्यात काका चपलांसकट आत आला आणि फोटोपुढे कोसळलाच.

"दादा, धुरा तुहाच होता रे. मीच सरकवला. मले काहून नाही सांगतलं रे कोणी..."

दिग्दर्शकाने खूण केली, चालू ठेवा. मी उठून सांगायला हवं होतं ना? पण मला वाटलं, याने काकालाही घेतलं सिनेमात. आणि खरं सांगू, त्याला असं नाक पुसत रडताना बघून गार वाटत होतं. मीही जोर लावून रडलो.

मागच्या दाराने बाबा आले, हातात बादली. "आला का गणपत?" त्यांचं तोंड इतकं उजळलेलं मी कधी पाहिलं नव्हतं.

काकाने बाबांना पाहिलं, फोटो पाहिला, मग कॅमेरा पाहिला.

"मले रडवाले तमाशा मांडला का, दादा?"

"नाही रे, पोराचा सिनेमा आहे. बस ना, चहा मांडतो."

"लोकांपुढं कबूल करून घेतलं माह्याकडून. आता खरंच मेला तरी येत नाही मी."

बाबा बादली घेऊनच रस्त्यापर्यंत त्याच्या मागे गेले. रिकामे परत आले.

सिनेमा शहरात दाखवला. लोक म्हणाले, सगळ्यात खरं काम काकाचं.

या हिवाळ्यात बाबा गेले. मी फोन लावला. "काका, बाबा गेले."

"या वेळी कॅमेरा कुठं ठेवला बे?" म्हणाला आणि फोन ठेवला. शिव्या द्यायला पुन्हा लावला, तर बंद.

तिरडीला काकाच्या जागी गावातला कोणीतरी लागला. मी एका सिनेमात दिसलो, आणि बाबांना त्यांचा भाऊ मिळाला नाही.